बांधाचा वाद : साक्ष, साखळी आणि दिवाणी न्याय

१. विषयाची मांडणी

महाराष्ट्राच्या सामाजिक इतिहासात वतनाच्या तंट्यांचा अभ्यास पुष्कळ झाला आहे. पाटीलकी, देशमुखी, कुलकर्ण ह्यांविषयीचे महजर अभ्यासकांनी छापून काढले, आणि डॉ. वि. त्र्यं. गुणे ह्यांच्या १९५३ साली प्रसिद्ध झालेल्या मराठ्यांच्या न्यायपद्धतीवरील ग्रंथाने त्या साधनांना शास्त्रीय शिस्त लावून दिली. त्या मानाने दोन शेजाऱ्यांमधील बांधाचा वाद हा विषय उपेक्षित राहिला. वतनाच्या वादात घराण्याची प्रतिष्ठा गुंतलेली असते, बांधाच्या वादात वीतभर माती असते. असे असले तरी खेड्यातील सामान्य कुणब्याचा न्यायसंस्थेशी जो संबंध येतो तो बहुतकरून ह्या वीतभर मातीपायीच येतो. म्हणून न्यायसंस्थेचे खरे स्वरूप पाहावयाचे तर ते बांधावर उभे राहून पाहणे अधिक फलदायी होय.

बांधाच्या प्रत्येक वादात तीन निरनिराळे प्रश्न एकत्र मिसळलेले असतात. हद्द कोठे आहे, हा पहिला प्रश्न. प्रत्यक्ष कब्जा कोणाचा आहे, हा दुसरा. आणि जमिनीवर हक्क कोणाचा, हा तिसरा. प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन असे की, अव्वल इंग्रजीपूर्वीच्या काळात ह्या तिन्ही प्रश्नांचे उत्तर एकाच सभेत आणि एकाच प्रकारच्या पुराव्यावर, म्हणजे शेजाऱ्यांच्या साक्षीवर, दिले जात असे. एकोणिसाव्या शतकात हे तीन प्रश्न तीन स्वतंत्र यंत्रणांकडे गेले आणि पुरावा माणसाच्या स्मरणातून कागदावर उतरला. बांधाचे वाद आज वर्षानुवर्षे चालतात त्याचे कारण लोकांच्या भांडखोर स्वभावात नव्हे, तर बऱ्याच अंशी ह्या विभागणीत शोधावे लागते.

२. स्मृतिकारांची दृष्टी

व्यवहाराच्या अठरा पदांत सीमाविवाद हे एक स्वतंत्र पद म्हणून धर्मशास्त्राने मानले आहे. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात त्याविषयी सलग विवेचन येते, आणि ते ग्रंथकाराच्या व्यवहारज्ञानाची साक्ष देणारे आहे. सीमेचा निर्णय ज्येष्ठ महिन्यात करावा असे तेथे सांगितले आहे. त्या महिन्यात गवत वाळलेले असते, पीक उभे नसते आणि सीमाचिन्हे उघडी पडतात, हे त्यामागील कारण उघड आहे. सीमेवर वड, पिंपळ, पळस, सावरी ह्यांसारखी दीर्घायुषी झाडे लावावीत. शिवाय दगड, हाडे, भुसा, राख, खापऱ्या, विटा, कोळसे अशा लवकर न कुजणाऱ्या वस्तू सीमेवर पुरून ठेवाव्यात, असाही उपदेश आहे. उघडी खूण शेजारी उपटू शकतो, पुरलेली खूण त्याला ठाऊक नसते, हा ह्यातील हेतू होय.

चिन्हांनी निर्णय झाला नाही तर साक्षीदार. गावाच्या सीमेबाबतच्या साक्षीदारांनी डोक्यावर माती घेऊन, माळा व तांबडी वस्त्रे धारण करून, आपल्या पुण्याची शपथ घेऊन सीमा दाखवावयाची असते. शेत, विहीर, तळे, बाग व घर ह्यांच्या सीमेबाबत मात्र सामन्तांची म्हणजे लगतच्या शेजाऱ्यांची साक्ष प्रमाण मानली आहे. त्याहून लक्षणीय गोष्ट अशी की, सामन्त न मिळाल्यास पारधी, फासेपारधी, गुराखी, कोळी, कंदमुळे खणणारे, गारुडी आणि रानात हिंडणारे इतर लोक ह्यांना विचारावे, असे मनू सांगतो. एरवी साक्षीच्या बाबतीत वर्णाची व प्रतिष्ठेची चिकित्सा करणारा हा ग्रंथ सीमेच्या प्रश्नावर समाजाच्या तळाशी असलेल्या माणसांकडे वळतो. जमिनीचे ज्ञान तिच्या धन्याला असेलच असे नाही, ते तिच्यावरून रोज चालणाऱ्याला असते, हे तत्त्व येथे मान्य झालेले आहे.

कब्जा आणि हक्क ह्यांच्या संबंधाबाबतही स्मृतिकारांनी सीमेला वेगळे स्थान दिले. धनी पाहत असून बोलत नाही अशा स्थितीत दुसऱ्याने वीस वर्षे भूमीचा उपभोग घेतला तर हानी होते, असा याज्ञवल्क्याचा नियम आहे. परंतु लगेच पुढे त्याने ह्या नियमाचे जे अपवाद दिले आहेत त्यांत आधि म्हणजे गहाण व ठेव ह्यांच्या जोडीला सीमाही आहे. मनूनेही सीमेचा असाच अपवाद केला आहे. मिताक्षरेत ह्याचे कारण दिले आहे, ते असे की, भुसा, कोळसे इत्यादी चिन्हांनी सीमा केव्हाही सहज सिद्ध करता येते, म्हणून धन्याकडून तिच्याबाबत उपेक्षा होणे संभवनीय आहे. सारांश, शेजाऱ्याने बांध कोरला आणि धनी काही काळ गप्प बसला, तरी त्यामुळे हद्द सरकत नाही. पुढील काळाच्या संदर्भात हा नियम ध्यानात ठेवण्याजोगा आहे.

३. गोतसभा आणि महजर

मराठा काळातील शेताची ओळख चतुःसीमेने होत असे. गावची जमीन थळांत विभागलेली असे आणि थळझाड्यात प्रत्येक थळाचे नाव व त्याचा मिरासदार नोंदलेला असे. क्षेत्राचे कोष्टक निश्चित होते. वीस चौरस काठ्यांचा एक पांड, वीस पांडांचा एक बिघा आणि एकशेवीस बिघ्यांचा एक चावर, असे ते चाले. पण काठीच जागोजाग लहानमोठी असल्याने क्षेत्राचा आकडा वाद मिटविण्यास फारसा उपयोगी पडत नसे. खरेदीखतात पूर्वेस अमक्याचे शेत, पश्चिमेस ओढा, दक्षिणेस तमक्याचा मळा असे लिहिले की भूमीची व्याख्या पुरी होई. शेजारी हाच सीमेचा दगड होता असे म्हणण्यास हरकत नाही.

तंटा उद्भवला की तो प्रथम गावच्या गोतापुढे, तेथे न मिटल्यास परगण्याच्या देशकसभेपुढे आणि त्यानंतर सरकारात जाई. अग्रवादी आणि पश्चिमवादी आपापले करीने लिहून देत, आणि सभेचा निर्णय मान्य करू असा राजीनामा व जामीन घेतल्यावाचून चौकशी सुरू होत नसे. साक्षीपुरावा पाहून झालेला निर्णय महजरात उतरत असे. महजराच्या शेवटी गोतातील मंडळींच्या नावांपुढे ज्याच्या त्याच्या धंद्याची खूण काढलेली आढळते; पाटलाच्या नावापुढे नांगर असतो, न्हाव्याच्या नावापुढे आरसा. हारलेल्या पक्षाने यजितखत लिहून द्यावे आणि पुन्हा ह्या बाबतीत कथला करणार नाही असे कबूल करावे, हा विधीचा समारोप होय. जिंकणाऱ्याकडून हरकी आणि हरणाऱ्याकडून गुन्हेगारी सरकारात जमा होई.

ह्या कागदांत एक गोष्ट पुनःपुन्हा दिसते. न्यायसभेतील माणसे आणि साक्षीदार ही बव्हंशी तीच असत. आज आपण ज्याला निःपक्षपातीपणा म्हणतो त्या कसोटीवर ही रचना सदोष ठरेल. परंतु बांधाच्या वादात तिचे एक सामर्थ्य होते. निर्णयावर ज्यांनी खुणा केल्या त्यांनाच उद्यापासून त्या बांधाशेजारून गुरे न्यावयाची असत. निर्णयाची अंमलबजावणी करणारा वेगळा कोणी नव्हता, आणि त्याची फारशी गरजही पडत नसे.

शिवेच्या, म्हणजे दोन गावांमधील हद्दीच्या, वादात महाराच्या साक्षीला विशेष वजन असे. गावाची शीव राखणे हे त्याचे वतनी काम होते, आणि शपथपूर्वक शीव चालून दाखविण्याचे उल्लेख मराठी कागदपत्रांत सापडतात. स्मृतीतील डोक्यावर माती घेणाऱ्या साक्षीदाराशी ह्या प्रथेचे नाते स्पष्ट आहे. साक्षही तुल्यबळ झाली तर दिव्य करण्याचा मार्ग उरे. रवादिव्यात तापलेल्या तेलातुपातून धातूचा तुकडा हाताने काढावयाचा, हात पिशवीत घालून मोहोर करावयाची आणि ठरलेल्या दिवशी तो पाहावयाचा.

ह्या पद्धतीचे उदात्तीकरण करणे इतिहासाला धरून होणार नाही. दिव्याने सत्य कळत नसे, एवढे म्हणणे पुरे. ज्याच्या शब्दावर गावाची शीव ठरे त्या महाराला गावकुसाच्या आत घर नव्हते, आणि शीव राखण्याचे त्याचे ज्ञान हे वेठीच्या चाकरीतून आलेले होते. उपऱ्या कुळाला मिरासदाराविरुद्ध गोतसभेत कितपत दाद मिळत असेल, हाही प्रश्नच आहे. मौंट स्टुअर्ट एल्फिन्स्टनने पेशव्यांकडून जिंकलेल्या मुलखाविषयी १८१९ साली जो अहवाल लिहिला त्यात पंचायतीची दिरंगाई आणि अनियमितपणा नोंदवूनही तिच्या लोकमान्यतेचा गौरव केला आहे. ती नोंद दोन्ही अंगांनी वाचली पाहिजे.

४. साखळी आणि टिपण

१८२७ च्या एल्फिन्स्टन रेग्युलेशनांनी मुंबई इलाख्यात दिवाणी अदालतींची घडी बसविली. पंचायत लवादाच्या रूपाने कायद्यात उरली. पण लवादाकडे जावयाचे की नाही हे पक्षकारांच्या खुशीवर राहिले. बांधाच्या दृष्टीने ह्याहून मोठे परिवर्तन आठ वर्षांनी सुरू झाले, आणि ते न्यायखात्यात न होता महसूलखात्यात झाले.

पुणे प्रांतातील प्रिंगलची पाहणी चुकीच्या मोजमापामुळे व अवास्तव आकारणीमुळे फसली होती. तेव्हा १८३५ साली इंदापूर तालुक्यात गोल्डस्मिड आणि विंगेट ह्यांनी नव्याने मोजणी हाती घेतली. तीस वर्षांची जमाबंदी, प्रत्येक शेताला क्रमांक, प्रत्येक शेताचा नकाशा, ही पद्धत तेथून सर्व दख्खनभर पसरली. १८४७ च्या संयुक्त अहवालाने तिचे नियम बांधून दिले आणि १८६५ च्या पहिल्या मुंबई अधिनियमाने तिला कायद्याचा आधार मिळाला. तेहतीस फुटांची साखळी आणि तिचे सोळा आणे हे मोजणीचे साधन होते. एका साखळीचा चौरस म्हणजे एक गुंठा, चाळीस गुंठ्यांचा एक एकर. शेताच्या कोपऱ्यांवर दगड व मातीचे बुरूज उभारले गेले, आणि मोजणीदाराने शेतात उभे राहून काढलेले टिपण दप्तरात गेले. दोन शतके होत आली तरी बांधाच्या वादात शेवटचा शब्द पुष्कळदा त्या टिपणाचाच असतो.

येथे एक मूलभूत गोष्ट लक्षात घेतली पाहिजे. ही मोजणी शेतसाऱ्यासाठी होती, शेजाऱ्यांमधील हक्क ठरविण्यासाठी नव्हती. सर्वे नंबराचा आकार एका बैलजोडीने कसता येईल अशा बेताने ठरविला होता, आणि त्याहून लहान धारणे एकाच नंबरात गोवली होती. नंबराच्या बाहेरची हद्द शासनाने मोजली. नंबराच्या आतील वाटण्या मात्र बांधावर आणि लोकांच्या आठवणीत राहिल्या. पुढे वारसांची संख्या वाढली, पोटहिस्से पडले, आणि हे हिस्से कागदावर बहुधा आणेवारीने, म्हणजे रुपयातील आण्यांच्या भागाने, लिहिले गेले. चार आण्यांचा हिस्सेदार नंबराच्या कोणत्या बाजूला आहे हे आणेवारीवरून कळत नाही. पोटहिश्श्यांची प्रत्यक्ष मोजणी उशिरा व तुकड्यातुकड्याने झाली. ज्या हद्दीवरून भाऊबंदांत आणि शेजाऱ्यांत खरे वाद होतात तीच हद्द सर्वात कमी प्रतीच्या कागदावर नोंदलेली आहे, हा विरोधाभास ह्या इतिहासातून आलेला आहे.

हक्कनोंदणीचा प्रयत्न त्यानंतर झाला. १९०३ च्या अधिनियमाने आणि पुढे १९१३ च्या दुरुस्तीने जमीन महसूल कायद्यात अधिकार अभिलेखाचे प्रकरण आले. त्यातील नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी मानावी, असे ठरले. सातबारा आणि फेरफार हे शब्द त्यामुळे घरोघरी पोचले. पण सातबाऱ्यावर नाव, क्षेत्र आणि आकार असतो. शेताची आकृती नसते. आकृती भूमि अभिलेख खात्याच्या नकाशात असते आणि नाव तलाठ्याच्या दप्तरात. खरेदी-विक्रीने नाव बदलते, तेव्हा नकाशा आपोआप बदलत नाही. एकाच शेताचे दोन कागद दोन खात्यांत दोन गतींनी चालत राहिले.

५. तीन प्रश्न, तीन दारे

ह्या घडामोडींचा परिणाम म्हणून आरंभी सांगितलेले तीन प्रश्न तीन ठिकाणी गेले.

हद्दीचा प्रश्न जिल्हाधिकाऱ्याकडे गेला. १८७९ च्या मुंबई जमीन महसूल संहितेच्या ११९ व्या कलमान्वये मोजणी झालेल्या नंबराच्या हद्दीचा वाद जिल्हाधिकाऱ्याने भूमि अभिलेखांच्या आधारे ठरवावा, आणि अभिलेख समाधानकारक नसतील तरच अन्य पुरावा पाहावा, असे होते. क्रमाची ही उलटापालट अर्थपूर्ण आहे. स्मृतिकाळी चिन्हे, मग शेजारी, असा क्रम होता. आता कागद प्रथम, आणि शेजारी ‘अन्य पुराव्या’त जमा झाला. महाराष्ट्रात १५ ऑगस्ट १९६७ पासून अमलात आलेल्या १९६६ च्या संहितेने मुंबई, हैदराबाद आणि मध्य प्रदेश ह्या तिन्ही परंपरांतील कायदे एकत्र केले, पण हे धोरण कायम ठेवले. अशा रीतीने ठरलेली हद्द रेषेच्या स्थानाबाबत तसेच दोन्ही बाजूंच्या धारकांच्या हक्कांबाबत निर्णायक मानली आहे आणि चुकीने कब्जात असलेल्यास काढून टाकण्याचा अधिकारही दिला आहे. मात्र त्याच कलमात, असा निष्कासित झालेला इसम एका वर्षाच्या आत आपला हक्क शाबीत करण्यासाठी दिवाणी दावा लावू शकतो, अशी वाट मोकळी ठेवली आहे. निर्णायक म्हटलेला निर्णय अशा रीतीने शेवटचा राहत नाही.

कब्जाचा प्रश्न मामलेदाराकडे गेला. १९०६ चा मामलेदार कोर्ट अधिनियम हा १८६४ व १८७६ च्या कायद्यांचा वारस असून तो आजही लागू आहे. बेकायदा बेदखल झालेल्या शेतकऱ्याने सहा महिन्यांच्या आत अर्ज केला तर मामलेदाराने हक्काच्या खोलात न शिरता कब्जा परत द्यावा, अडविलेली वाट किंवा पाण्याचा प्रवाह मोकळा करावा, असा त्याचा आशय आहे. पेरणी न्यायालयासाठी थांबत नाही, हे ओळखून केलेला हा कायदा आहे. ह्या निर्णयाने नाराज झालेल्या पक्षालाही अखेर दिवाणी न्यायालयाचाच मार्ग धरावा लागतो.

हक्काचा प्रश्न दिवाणी न्यायालयाकडे राहिला, आणि तेथे काळाचे गणित बदलले. १८२७ च्या पाचव्या रेग्युलेशनने तीस वर्षांच्या अखंड उपभोगाला मालकीचा पुरेसा पुरावा मानले होते. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने स्थावराच्या दाव्याला बारा वर्षांची मर्यादा घातली, आणि १९६३ च्या कायद्यापर्यंत ती टिकली आहे. ह्या मुदतीत सीमेचा अपवाद नाही. याज्ञवल्क्याने ज्या कारणासाठी सीमा वेगळी काढली होती, ते कारण, म्हणजे शेजाऱ्याच्या बाबतीत माणसाकडून स्वाभाविकपणे होणारी उपेक्षा, नव्या कायद्याने विचारात घेतलेले दिसत नाही.

६. एका गुंठ्याचे गणित

ह्या विभागणीचा बांधावर प्रत्यक्ष परिणाम काय होतो हे एका हिशेबाने स्पष्ट होईल. दोन शेतांमधील बांध दहा साखळ्या, म्हणजे ३३० फूट, लांब आहे असे धरू. ह्या लांबीवर सव्वातीन फुटांहून किंचित अधिक, नेमके ३.३ फूट रुंदीची पट्टी गेली की १,०८९ चौरस फूट, म्हणजे बरोबर एक गुंठा जमीन गेली. नांगरटीच्या वेळी दरसाल वीतभर, म्हणजे सुमारे नऊ इंच, बांध कोरला तर पाचव्या वर्षी हा गुंठा पुरा होतो. एका वर्षाची वीत इतकी क्षुल्लक असते की तिच्यासाठी सहा महिन्यांच्या आत मामलेदाराकडे धावणे कोणालाही शोभत नाही. शेजारधर्म सांभाळणारा मनुष्य गप्प बसतो.

बारा वर्षांनी दावा होतो तेव्हा प्रतिवादी प्रतिकूल कब्जाचा बचाव घेतो. पण त्याच्या कब्जातील पट्टीचे बारा वेगवेगळे वय आहे. पहिली वीत बारा वर्षांची, शेवटची कालची. कोणती वीत कोणत्या साली गेली ह्याचा पुरावा जगात कोणाकडेच नसतो. न्यायालयाने ह्यावर उघड, अखंड व निश्चित क्षेत्रावरील कब्जा सिद्ध करण्याचे ओझे प्रतिवादीवर टाकले आहे, आणि ते योग्यच आहे. परंतु त्यामुळे वाद पुन्हा पहिल्या प्रश्नावर, म्हणजे मूळ रेषा कोठे होती ह्यावर, येऊन ठेपतो.

आणि मूळ रेषा पाहावी तर टिपणातील आकडे साखळी व आण्यांत आहेत. एक आणा म्हणजे सुमारे दोन फूट. वाद वितीचा आणि कागदाचे माप दोन फुटांचे, अशी ही स्थिती आहे. आजचे उपग्रहाधारित यंत्र इंचाच्या अंशापर्यंत स्थान दाखवू शकते; पण ते जी रेषा जमिनीवर उतरविते ती मुळात साखळीने आखलेली असते. साधन सूक्ष्म झाले म्हणून मूळ लेख सूक्ष्म होत नाही. १९४७ च्या तुकडेबंदी व एकत्रीकरण कायद्याखाली जेथे सर्वे नंबर मोडून गट पडले तेथे तर कागदावरील गट आणि जमिनीवरील वहिवाट ह्यांत आणखी एक अंतर पडले, आणि अनेक कुटुंबे नव्या गटाचा सातबारा घेऊन जुन्याच बांधाआड कसत राहिली.

न्यायालयांनी ह्यातून मार्ग काढण्याचा प्रयत्न केला आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या सव्विसाव्या आदेशाखाली जागेवर जाऊन पाहणी करण्यासाठी कमिशनर नेमता येतो. हद्दीच्या वादात अशी नेमणूक करणे उचित असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने हरियाणा वक्फ बोर्ड विरुद्ध शांती सरूप ह्या २००८ च्या प्रकरणात दाखवून दिले. फेरफाराची नोंद हक्क निर्माण करीत नाही, ती महसुलापुरती आहे, हेही वारंवार सांगितले गेले आहे. तसेच खतात क्षेत्र आणि चतुःसीमा ह्यांत विरोध आढळला तर सामान्यतः चतुःसीमा प्रमाण धरावी, हा अर्थनिर्णयाचा नियम आपल्या न्यायालयांत रूढ आहे. ह्या शेवटच्या नियमाकडे इतिहासाच्या अभ्यासकाने जरा थांबून पाहावे. आकड्यापेक्षा शेजारी अधिक विश्वसनीय, हे सामन्तप्रत्ययाचे जुने तत्त्व दिवाणी न्यायालयाच्या आधुनिक भाषेत येथे जिवंत राहिले आहे.

७. साक्षीदाराचे काय झाले ?

कागद पुढे आला तसा सीमेचा जाणता माणूस मागे सरकला. डॉ. आंबेडकरांनी १९२८ साली मुंबई कायदेमंडळात वतन कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडून महारवतनातील गुलामगिरीवर बोट ठेवले होते. १९५८ च्या कायद्याने कनिष्ठ गाववतने रद्द झाली, आणि १९६२ च्या कायद्याने महसुली पाटलांची पदेही संपली. ह्या सुधारणा न्याय्य होत्या, आणि त्या होण्यास उशीरच झाला होता, ह्याविषयी शंका नसावी. तथापि ह्या पदांबरोबर हद्दीचे जे ज्ञान पिढ्यान्‌पिढ्या सांभाळले गेले होते, ते स्वेच्छेने व सन्मानाने सांभाळणारी दुसरी व्यवस्था गावात उभी राहिली नाही. दगड जागेवर आहेत की नाहीत हे पाहण्याचे काम नियमाने महसूल अधिकाऱ्यांकडे आले. दगड मात्र नांगराने, पुराने आणि माणसांच्या हाताने हलत राहिले.

ह्या उणिवेची जाणीव शासनालाही झाल्याचे अलीकडील दोन उपक्रमांवरून दिसते. २००७ साली सुरू झालेल्या महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहिमेने गावातील तंटे गावातच समेटाने मिटविण्यास उत्तेजन दिले. २०२३ च्या जानेवारीत महाराष्ट्र शासनाने ‘सलोखा’ योजना काढली. एकाची जमीन दुसऱ्याच्या आणि दुसऱ्याची पहिल्याच्या कब्जात किमान बारा वर्षे असेल, तर दोघांच्या संमतीने नाममात्र मुद्रांक व नोंदणी शुल्कात, म्हणजे अनुक्रमे एक हजार व शंभर रुपयांत, अदलाबदलीचा दस्त करता येईल अशी ती सवलत होती. संमतीवाचून हा मार्ग खुला होत नाही, ही गोष्ट विशेष ध्यानात घ्यावी. हरणाऱ्याने यजितखत लिहून द्यावे, ह्या जुन्या आग्रहामागेही हीच समजूत होती की, बांधाचा वाद निर्णयाने थांबतो, पण मिटतो तो मान्यतेने.

८. उपसंहार

प्रस्तुत विवेचनावरून पुढील निष्कर्ष निघतात. पहिला असा की, सीमाविवादाच्या बाबतीत जुन्या व नव्या न्यायातील खरा भेद तत्त्वांचा कमी व पुराव्याच्या स्थानाचा अधिक आहे. पुरावा पूर्वी बांधालगत राहत होता, आता तो तालुक्याच्या गावी राहतो. दुसरा असा की, एकोणिसाव्या शतकातील मोजणीने शेतसारा निश्चित केला, पण शेजाऱ्यांमधील आतील हद्द तिने अनुत्तरित ठेवली, आणि तो अनुत्तरित भाग दिवाणी न्यायालयाच्या पदरात पडला. तिसरा असा की, हद्द, कब्जा व हक्क ह्यांची विभागणी तर्काने शुद्ध असली तरी कुणब्याला तीन दारे ठोठवावयास लावते. ज्याच्यापाशी वेळ व पैसा अधिक, त्याला ही तीन दारे उपकारक ठरतात. गोतसभेत दुर्बळाची अडचण प्रतिष्ठेची होती, न्यायालयात ती खर्चाची झाली. अडचण गेली असे म्हणता येत नाही.

ह्या विषयावर काम करू इच्छिणाऱ्या विद्यार्थ्यांना एक सूचना करावीशी वाटते. महजर एका दप्तरात, टिपणे व आकारबंद दुसऱ्या खात्यात आणि दाव्यांची कागदपत्रे तिसऱ्या ठिकाणी, अशी साधनांचीही तीच विभागणी झालेली आहे. त्यामुळे प्रत्येक साधनाचा इतिहास वेगळा लिहिला जातो. एखाद-दुसरे गाव निवडून तेथील थळझाडा, पहिल्या मोजणीचे टिपण, एकत्रीकरणाचा नकाशा आणि शंभर वर्षांतील दिवाणी दावे एकमेकांशेजारी ठेवून वाचले, तर एका बांधाचे चरित्र सिद्ध होऊ शकेल. त्यासाठी ज्येष्ठ महिन्यात त्या बांधावरून एकदा चालून येणेही आवश्यक आहे. सीमाचिन्हे त्याच दिवसांत दिसतात, हे मनूने सांगून ठेवले आहे.